उडणाऱ्या माणसाचा संसार

सुपरमॅनला संसार द्यायचा नाही असा नियम कुणी लिहून ठेवला नव्हता, तरी तो जवळजवळ साठ वर्षं पाळला गेला. क्लीव्हलंडमधल्या जेरी सीगल आणि जो शुस्टर या दोन ज्यू तरुणांनी 1938 साली ‘ॲक्शन कॉमिक्स’च्या पहिल्या अंकात त्याला वाचकांसमोर आणलं, आणि त्याच अंकात लोइस लेनही आली. म्हणजे स्थळ पहिल्या दिवसापासून समोर होतं, मुलगा-मुलगी एकाच कचेरीत नोकरीला होती. मुहूर्त मात्र 1996 उजाडेपर्यंत निघाला नाही. त्या वर्षी कॉमिक्समध्ये आणि टीव्हीवरच्या ‘लोइस अँड क्लार्क’ या मालिकेत दोघांचं लग्न एकाच सुमारास लागलं. कॉमिक्सच्या मुख्य कथेत पाळणा हलायला पुढे आणखी एकोणीस वर्षं गेली.

या उशिराचं कारण धंद्याचं होतं. क्लार्क लोइसवर प्रेम करतो, लोइस सुपरमॅनवर, आणि दोघे पुरुष मुळात एकच, या त्रिकोणावर लेखकांच्या किती तरी पिढ्यांचं पोट चाललं. लग्न लागलं की त्रिकोण संपला. सिनेमानं तर त्याला तत्त्वाचंच रूप दिलं. ‘सुपरमॅन टू’मध्ये लोइससोबत राहायचं म्हणून तो आपली शक्ती सोडून देतो आणि जगावर संकट आल्यावर ती परत मिळवतो, शेवटी लोइसच्या मनातून सगळी आठवण पुसून टाकतो. आकाश हवं असेल तर घर नाही, घर हवं असेल तर आकाश नाही. ‘स्मॉलव्हिल’ ही मालिका 2001 ते 2011 अशी दहा पर्वं चालली. तिनं उलट्या टोकानं तोच नियम पाळला. तिथे आईबाप होते, शेत होतं, शाळा होती, म्हणून मग उडणं आणि तो निळा-लाल पोशाख शेवटच्या भागापर्यंत लांबवला गेला.

‘सुपरमॅन अँड लोइस’ ही मालिका अमेरिकेत द सीडब्ल्यू या वाहिनीवर 23 फेब्रुवारी 2021 ला सुरू झाली आणि 2 डिसेंबर 2024 ला संपली. चार पर्वं, एकूण 53 भाग. टॉड हेल्बिंग आणि ग्रेग बर्लांटी यांनी ती उभी केली. टायलर हेक्लिन क्लार्क झाला, एलिझाबेथ टलक लोइस. आधीच्या मालिका जिथे थांबायच्या त्याच्या बऱ्याच पुढे ही सुरू होते: लग्नाला वर्षं लोटलीत, घरात जॉनथन आणि जॉर्डन ही चौदा वर्षांची जुळी मुलं आहेत आणि बाप सुपरमॅन आहे हे मुलांना ठाऊक नाही. पुढच्या पानांत एकेका पर्वाचा सविस्तर विचार येणार आहे. या प्रस्तावनेत एवढाच प्रश्न हाताळायचा आहे की आकाशातला थरार आणि स्वयंपाकघरातला संसार यांचा मेळ या मालिकेनं कसा घातला, आणि तो कुठे बसला, कुठे बसला नाही. कथानक उघड केल्याशिवाय हे लिहिता येणार नाही, हे आधीच सांगून ठेवतो.

माझ्या मते त्या मेळाची किल्ली एका साध्या गोष्टीत आहे. या मालिकेत सुपरमॅनचं प्रत्येक उड्डाण घरातली गैरहजेरी म्हणून मोजलं जातं. तो वर गेला की कॅमेरा त्याच्या मागे जातो खरा, पण हिशेब खाली चालू असतो: जेवणाच्या टेबलावर एक खुर्ची रिकामी झाली, अर्धं वाक्य तसंच राहिलं, मुलाचा चेहरा पडला. त्यामुळे थरार आणि कुटुंब हे दोन वेगळे कप्पे राहत नाहीत. लढाई जितकी मोठी, तितकं घरातलं देणं मोठं.

पहिल्याच भागात हे नीट पाहायला मिळतं. सुरुवातीला अणुवीज केंद्रावर संकट येतं आणि सुपरमॅन बर्फाचा प्रचंड तुकडा आणून भट्टी थंड करतो. टीव्हीच्या मानानं हे दृश्य सढळ हातानं केलेलं आहे, आणि पाहणाऱ्याला वाटतं, चला, खेळ सुरू झाला. पण लगेच पुढे जे घडतं ते कुठल्याही शहरातल्या नोकरदार घरात घडावं असं आहे. ‘डेली प्लॅनेट’ या वर्तमानपत्रात कपात होते आणि क्लार्कची नोकरी जाते. जॉर्डन या मुलाला सामाजिक भीतीचा आजार आहे. त्याच्याशी कसं बोलावं हे बापाला उमगत नाही. तेवढ्यात गावाकडून आईची बातमी येते. मार्था केंटला पक्षाघाताचा झटका आलेला असतो, आणि आवाजाच्या वेगाला मागे टाकणारा तिचा मुलगा घरी पोचतो तेव्हा उशीर झालेला असतो. या एका प्रसंगानं मालिका आपला करार प्रेक्षकासमोर ठेवते: इथे शक्ती भरपूर आहे, पण ती जिथे हवी तिथे कामाला येईलच असं नाही.

मग कुटुंब कॅन्ससमधल्या स्मॉलव्हिलला येतं. शेत गहाण पडलेलं निघतं. गावात कामं नाहीत, खाणी विकत घ्यायला एक धनदांडगा टपून बसलाय, आणि बँकेत बसलेली बाई म्हणजे क्लार्कची शाळेतली मैत्रीण लाना. (खाणींना शुस्टर हे नाव आहे, जाणकारांसाठी ठेवलेली ही खूण मला आवडते, कारण ती कथेला थांबवत नाही.) शेताच्या कोठारात लोखंडी नळ्या मुलांच्या अंगावर कोसळतात आणि दोघंही जवळजवळ धडधाकट बाहेर येतात. मुलं शोध घेतात. कोठाराखाली दडवलेलं यान त्यांना सापडतं आणि ती बापाला जाब विचारतात.

हा प्रसंग जवळून पाहण्याजोगा आहे. पन्नास वर्षांच्या सवयीनं आपण इथे संगीताची आणि शर्ट फाडण्याची वाट पाहतो. मालिका ते देत नाही. रात्रीची वेळ, अंगणात उभा पिकअप ट्रक, साध्या कपड्यातला चष्मा लावणारा बाप. तो चष्मा काढतो आणि ट्रक उचलतो. चमत्कार पुरता होऊन जातो, पण मुलांच्या तोंडून कौतुकाचा शब्द निघत नाही. जॉर्डनचा संताप उसळतो: इतकी वर्षं तुम्ही आमच्याशी खोटं बोललात. मी वेडा आहे असं मला वाटत राहिलं आणि तुम्ही गप्प बसलात. जगानं ज्याच्यासाठी टाळ्या वाजवल्या तो क्षण घरात आरोपपत्र ठरतो. ली टोलंड क्रिगर या दिग्दर्शकानं हे सगळं रुंद चौकटीत चित्रित केलंय, त्यामुळे बाप, ट्रक, दोन मुलं आणि दारातली आई एकाच नजरेत येतात आणि त्यांच्यामधलं अंतरही दिसतं.

नंतर पहिल्या पर्वात मालिका सुपरमॅनच्या एकेका शक्तीला घरात आणून तपासते. त्याला मैलोन्‌मैल दूरचं ऐकू येतं. बाप म्हणून त्यानं शाळेत मुलगा काय बोलतो ते ऐकावं का? तो ऐकतो. काळजीपोटी ऐकतो, आणि पकडला जातो. मुलांच्या खोलीचं दार न वाजवता आत येणारा बाप आणि हा यांत फरक काय, असा लोइसचा सवाल असतो, आणि त्यावर जगातल्या सर्वांत बलवान माणसाकडे उत्तर नसतं. पुढे तो शाळेच्या फुटबॉल संघाचा मदतनीस प्रशिक्षक होतो. मुलाजवळ राहायला मिळावं म्हणून गावातल्या मैदानात शिट्टी घेऊन उभा असलेला सुपरमॅन मला या मालिकेतल्या कुठल्याही हाणामारीपेक्षा जास्त लक्षात राहिला आहे.

शक्ती येते ती दोघांपैकी एकाच मुलाला, जॉर्डनला. खेळात पुढे असलेला, मित्रांत रमणारा, धीट जॉनथन कोरडा राहतो. लेखकांनी इथे फार हुशारीनं पाऊल टाकलं. दोघांना शक्ती दिली असती तर मालिका शाळकरी करामतींची झाली असती. कुणालाच दिली नसती तर घर आणि आकाश जोडणारा दुवा राहिला नसता. एकालाच दिल्यामुळे घरातल्या घरात एक भिंत उभी राहिली. बाप आणि एक मुलगा दोघं मिळून सुपरमॅनच्या बर्फातल्या किल्ल्यात शिकवणीला जातात, आणि दुसरा आईजवळ स्वयंपाकघरात मागे राहतो.

दुसऱ्या पर्वात या भिंतीचा हिशेब होतो. शाळेतली मुलं मैदानावर जोर यावा म्हणून क्रिप्टोनाइट या खनिजाच्या एका जातीची चोरटी नशा करू लागतात. जॉनथनही ती घेतो. शक्तिमान बापाच्या, शक्तिमान भावाच्या घरातला मुलगा शक्ती विकत घेतो. पकडला गेल्यावर तो मैत्रिणीचं नाव सांगत नाही, शाळेतून काढलं जाणं पत्करतो. बाप संतापतो, आई संतापते; ज्यातून हे घडलं ती जखम दोघांच्याही लक्षात यायला वेळ लागतो. सुपरहिरो कथेत अमली पदार्थांचा विषय आला की बहुधा भाषण येतं. इथे भाषणाच्या जागी एक घर आहे, ज्यात एका पोराला आपण कमी आहोत असं वर्षभर वाटत राहिलं आणि कुणी विचारलं नाही.

खलनायकांकडे पाहिलं तर हीच वीण दिसते. जवळजवळ प्रत्येक शत्रू नात्यातला आहे किंवा नात्यानं घायाळ आहे. खाणी विकत घेणारा तो धनदांडगा मॉर्गन एज हा क्लार्कचा सावत्र भाऊ टाल-रो निघतो. एकाच आईच्या पोटचे दोघे, एक प्रेमाच्या घरात वाढला, दुसरा तिरस्काराच्या. सरळ भाऊबंदकी आहे ही, फक्त वाद जमिनीचा नसून ग्रहाचा आहे. लोखंडी चिलखत घालून सुपरमॅनला मारायला आलेला जॉन हेन्री आयर्न्स दुसऱ्या एका पृथ्वीवरून आलाय, आणि त्या पृथ्वीवर लोइस त्याची बायको होती. तिथला सुपरमॅन वाईट निघाला आणि त्यानं तिला मारलं. म्हणजे या माणसाचा राग पूर्णपणे खरा आहे, फक्त पत्ता चुकलाय. पुढे त्याची मुलगी नॅटली येते आणि लोइसला पाहून आई म्हणते. लोइसनं पूर्वी एक गर्भ गमावलेला असतो आणि त्या न जन्मलेल्या मुलीचं नाव तिनं नॅटलीच ठरवलेलं असतं. समांतर विश्वं हा प्रकार एरवी चित्रकथांत गोंधळ माजवायला वापरला जातो. इथे त्यातून एका बाईचं जुनं, बंद ठेवलेलं दुःख उघडं होतं.

मराठी वाचक या विषयाकडे कोऱ्या पाटीनं येत नाही. इंद्रजाल कॉमिक्समधला वेताळ ज्यांच्या हातून गेलाय त्यांना लग्न झालेला, जुळ्या मुलांचा बाप असलेला नायक नवा नाही. डायनाशी त्याचं लग्न 1977 मध्ये लागलं, मग मुलं झाली, आणि कवटीच्या गुहेत पाळणे आले. पण तिथे संसार गुहेच्या शोभेपुरता होता. वेताळ मोहिमेवर निघाला की डायना मागे राहायची आणि त्याबद्दल कुणी काही बोलायचं नाही. दूरदर्शनवरच्या ‘शक्तिमान’नं 1997 पासून एका पिढीला वेड लावलं. तो तर योगी; त्याच्या गंगाधर या दुसऱ्या रूपालाही घरदार नव्हतं. कुटुंब होतं ते टीव्हीसमोर बसलेलं, आणि भागाच्या शेवटी त्याला दोन हिताच्या गोष्टी सांगितल्या जायच्या. राहता राहिल्या आपल्या रोजच्या कौटुंबिक मालिका. त्यांत घर हाच थरार असतो. सासूबाई उंबऱ्यात आल्या की वीज कडाडते आणि कॅमेरा तीन बाजूंनी तीनदा चेहऱ्यावर झेपावतो. या तिन्ही सवयी घेऊन आपण ‘सुपरमॅन अँड लोइस’समोर बसलो की पहिल्यांदा अवघडल्यासारखं होतं, कारण इथे खरोखरच आकाश फाटत असताना आवाज खाली आणलेला असतो आणि माणसं भांडी विसळता विसळता महत्त्वाचं बोलून जातात.

या संयमामागे पैशाचाही भाग आहे, आणि तो लपवण्यात अर्थ नाही. अमेरिकन वाहिनीवरचा तासाभराचा भाग जाहिराती वजा जाता चाळीस-बेचाळीस मिनिटांचा उरतो. त्यात संगणकीय करामतींचं प्रत्येक मिनिट महाग, आणि द सीडब्ल्यू ही मोठ्या वाहिन्यांच्या रांगेत सगळ्यांत धाकटी. त्यामुळे एका भागात एखादं मोठं उड्डाण, एखादी झुंज, आणि उरलेला वेळ घर, कोठार, शाळा, गावच्या वर्तमानपत्राची कचेरी. कॅनडात ब्रिटिश कोलंबिया प्रांतातल्या सरे शहरात, क्लोव्हरडेल भागात हे गाव उभं केलं होतं. वीस वर्षांपूर्वीच्या ‘स्मॉलव्हिल’चा मुख्य रस्ताही तिथलाच. अनेक मालिका अशा वेळी काटकसर झाकायला बघतात: करामत अर्धवट दाखवायची आणि उरलेला वेळ बोलबच्चन पात्रांनी भरायचा. या मालिकेनं काटकसरीतून शैली काढली. थोडी दृश्यं, पण पूर्ण. आणि त्यांच्या आधी-नंतर पुरेशी शांतता. उड्डाणाची वाट पाहायला लावल्यामुळे ते आलं की अंगावर काटा येतो.

आता उणी बाजू. दुसऱ्या पर्वातलं मुख्य कथानक मला आजही पचलेलं नाही. एक पंथ चालवणारी बाई, उलटं जग, त्या जगात प्रत्येकाचं दुसरं रूप, दोन रूपांचं एकत्र येणं, आणि अखेर दोन्ही जगं एकमेकांत मिसळू लागणं: हे सगळं इतकं ताणलंय की मध्ये कुणाला काय हवंय याचाच विसर पडतो. लोइसची बहीण त्या पंथात सापडलेली असते, हा धागा घट्ट धरला असता तर घर आणि संकट यांचा सांधा राहिला असता. लेखकांनी तो सैल सोडला आणि जगबुडी मोठी करत नेली. या मालिकेचा नियमच असा दिसतो की संकट जितकं विश्वव्यापी होतं तितकी ती कमजोर होते.

लाना आणि तिचा नवरा काइल कुशिंग यांच्या घराबद्दल मात्र मी तक्रारदारांच्या बाजूनं नाही. सुपरमॅनच्या मालिकेत हा कोण दारू पिणारा अग्निशामक, त्याची रुसलेली मुलगी आणि बायकोची नगराध्यक्षपदाची निवडणूक, असा सूर अनेकांनी लावला. निवडणुकीचा भाग लांबला, हे खरं. पण काइल नसता तर क्लार्कचं माप घ्यायला काही उरलं नसतं. काइलला कुणी आकाशातून बोलावत नाही, तरी तो घरात नसतो. त्याच्या मुलीनं, सारानं, पूर्वी स्वतःचा जीव घेण्याचा प्रयत्न केलेला आहे आणि त्या घरात ते कुणाला नीट बोलता येत नाही. अनुपस्थित बाप व्हायला पंख लागत नाहीत, हे मालिका काइलच्या रूपानं सांगते. म्हणून क्लार्कची चूक माफ होत नाही, फक्त ती आपल्या ओळखीची होते.

आणि मग तिसरं पर्व. हे पर्व सुपरहिरो मालिकांच्या इतिहासात वेगळं नोंदवावं लागेल. लोइसला आधी वाटतं, दिवस गेलेत. तपासणीत कळतं की स्तनाचा कर्करोग आहे. तेरा भागांच्या या पर्वात एका बाजूला गुन्हेगारी टोळीची कथा चालते आणि दुसऱ्या बाजूला उपचार: केमो, थकवा, उलट्या, शस्त्रक्रियेचा निर्णय, आरशासमोरचा क्षण, मुलांना कधी आणि किती सांगायचं याची वाटाघाट. आजाराला मालिकेनं रूपक केलं नाही. परग्रहावरून आलेलं औषध नाही, सूर्यकिरणांचा इलाज नाही. क्लार्क उपचारकेंद्राबाहेर गाडी लावतो, पिशवी उचलतो, शेजारी बसतो. ज्याच्या हातांनी विमानं झेललीत त्याला इथे फक्त तिच्याजवळ थांबायचं असतं, आणि तेच त्याला जड जातं.

लेखकांचं खरं कसब केमोच्या खोलीत दिसतं. लोइसच्या शेजारच्या खुर्चीवर पेया नावाची बाई असते. दोघींच्या हाताला नळ्या लावलेल्या, तास-तास बसून राहायचं, म्हणून गप्पा सुरू होतात. त्या गप्पांतून मैत्री होते. लोइस बातमीदार म्हणून ज्या टोळीप्रमुखाच्या मागे आहे, त्या ब्रूनो मॅनहाइमची ही बायको, हे तिला तेव्हा माहीत नसतं. मॅनहाइम मेलेल्या माणसांवर भयंकर प्रयोग करतोय, पण कशासाठी? बायको वाचावी म्हणून. तेव्हा क्लार्कसमोर असा माणूस उभा राहतो की ज्याला पकडायला हवं आणि ज्याच्या जागी आपण असतो तर काय केलं असतं, हे त्याला नीट कळतं. सुपरमॅनच्या कथेत इतका अवघड शत्रू मी पाहिलेला नाही, आणि त्याची ताकद त्याच्या मुठीत अजिबात नाही.

थरार आणि संसार यांचा समतोल असं आपण सहज म्हणतो, जणू तराजूची दोन पारडी आहेत. तिसऱ्या पर्वात ती कल्पनाच मोडते. तिथे केमोच्या खोलीतला प्रसंग हाच थरार असतो. छतावरच्या मारामारीच्या वेळी मन त्या खोलीतच अडकलेलं राहतं. एलिझाबेथ टलकचा अभिनय याला मोठा आधार आहे. ती लोइसला बिचारी होऊ देत नाही. लोइस चिडते, कामात डोकं घालते, घरच्यांवर वसकते, दुसऱ्या दिवशी पुन्हा लेख लिहायला बसते. मालिकेच्या नावात तिचं नाव केवळ जोडीला आहे असं वाटणाऱ्यांनी पहिल्या पर्वापासून तिच्या कामावर लक्ष ठेवावं. मोठ्या शहरातल्या नावाजलेल्या वर्तमानपत्राचा नवा मालक तिच्या लेखाची मोडतोड करतो, तेव्हा ती नोकरी सोडते आणि क्रिसी बेप्पो चालवत असलेल्या, मरणपंथाला लागलेल्या गावच्या पत्रात रुजू होते. या घरात धोका पत्करणारे दोघं आहेत, आणि त्यांतल्या एकीच्या अंगावर गोळी लागली तर ती आरपार जाते.

चौथं पर्व दहाच भागांचं. 2022 साली वाहिनीची मालकी नेक्सस्टार या कंपनीकडे गेली होती, खर्चाला कात्री लागली होती. आतापर्यंतचे बरेचसे नियमित कलाकार पाहुण्यांच्या यादीत गेले, आणि हे शेवटचं पर्व असेल असं 2023 च्या नोव्हेंबरातच जाहीर झालं. (जॉनथनची भूमिका करणारा जॉर्डन एल्सास तिसऱ्या पर्वाआधीच बाहेर पडला होता, त्याच्या जागी आलेल्या मायकल बिशपला रुळायला फार भाग लागले नाहीत, हे त्याचं श्रेय.) अडचणीचा फायदा असा झाला की गर्दी हटली आणि पुन्हा चौघांचं घर समोर आलं. मायकल कडलिट्झचा लेक्स ल्यूथर हाही बाप म्हणूनच सुडाला पेटलेला आहे: लोइसच्या बातमीमुळे सतरा वर्षं तुरुंगात गेली आणि मुलगी कायमची दुरावली. न केलेल्या गुन्ह्यासाठी तो आत होता, हे कळल्यावर त्याचा राग पूर्ण खोटा म्हणता येत नाही.

या पर्वात सुपरमॅन मरतो. त्याचं हृदयच काढून घेतलं जातं. त्याला परत आणतं ते लोइसच्या वडिलांचं, जनरल सॅम लेन यांचं बलिदान. त्यांचं हृदय जावयाच्या छातीत बसवलं जातं. पहिल्या पर्वात हेच सासरेबुवा जावयाविरुद्ध शस्त्रं बनवून ठेवत होते, कारण हा उद्या बिघडला तर काय, असा त्यांचा सैनिकी हिशेब होता. मालिकेत सगळ्यांत लांबचा प्रवास कुणी केला असेल तर या म्हाताऱ्यानं. आणि कथेच्या दृष्टीनं ही युक्ती फार मोलाची ठरते, कारण माणसाचं हृदय असलेला सुपरमॅन आता म्हातारा होऊ शकतो. शेवटच्या भागात तो होतो. लढाई संपल्यावर मालिका घाईनं पडदा पाडत नाही; ती वर्षं पुढे सरकवते. मुलांची लग्नं, नातवंडं, लोइसचा परतलेला आजार आणि तिचा मृत्यू, मग एकटा क्लार्क आणि एक कुत्रा, आणि अखेर त्याचंही जाणं. सुपरमॅनच्या पडद्यावरच्या अवतारांपैकी इतक्या साध्या, घरगुती मरणापर्यंत पोचलेला दुसरा माझ्या पाहण्यात नाही.

ही मालिका सुरू झाली त्याच 2021 सालच्या मार्चमध्ये ‘इन्व्हिन्सिबल’ ही ॲनिमेशन मालिका आली. तिथेही उडणारा बाप, पृथ्वीवरची आई, नुकती शक्ती आलेला मुलगा. पण तो बाप मुलाला रक्तबंबाळ करतो, कारण घर हे त्याच्यासाठी मुक्कामापुरतं होतं. टीकाकारांनी तेव्हा तिला धीट म्हटलं आणि केंट कुटुंबाला जुन्या वळणाचं. मला ते उलटं वाटतं. बाप राक्षस निघाला की नाट्य आपोआप मिळतं. बाप चांगला आहे, प्रयत्न करतोय, आणि तरीही कमी पडतोय, यातून 53 भाग बांधून दाखवणं जास्त कठीण, आणि लेखकांनी त्यातले बहुतेक भाग बांधले.

ज्यांनी मालिका पाहिलेली नाही त्यांनी पुढची प्रकरणं उघडण्याआधी निदान पहिला भाग पाहून यावं. दुसऱ्या पर्वात उलट्या जगाचा कंटाळा आला तर तेवढे भाग भरभर पुढे सरकवले तरी बिघडत नाही. जॉनथनचा धागा तेवढा सोडू नका. तिसरं पर्व सलग पाहा. फक्त तुमच्या घरात सध्या कुणाचे उपचार चालू असतील, तर ते पर्व आणि त्यावरचं प्रकरण दोन्ही नंतरसाठी ठेवा.